काच धरणाऱ्याचं डावं

रविवारी दुपारची जेवणं आटोपली तसं थोरल्याने दुकानाचं शटर अर्ध्यावर ओढलं आणि मागच्या कारखान्यात चार खुर्च्या मांडल्या. पाचवी मांडली नाही. धाकटी बहीण स्वतःच्या सिनेमाला कधी बसत नसे. ती उभी राहून बघणाऱ्यांची तोंडं बघे, हे एव्हाना घरात सगळ्यांना ठाऊक झालं होतं.

कारखाना हे नाव आबांनी दिलेलं. खरं तर ती एक लांबट खोली. मधोमध जाड कापड ठोकलेलं टेबल, भिंतीला लोखंडी घोडी, तिच्यावर पुस्तकं लावावीत तशा उभ्या लावलेल्या काचा, अलीकडे कडा घासायचं चाक आणि बाकी सगळे आरसे. आत्या म्हणायची, या खोलीत माणूस एकटा शिरतो आणि घोळका होऊन बाहेर पडतो. आज मात्र एकाही आरशात कोणी नव्हतं. धाकटीने सकाळीच येऊन सगळ्यांची तोंडं भिंतीकडे फिरवली होती. उजेड उडतो म्हणाली. शिक्षा झालेल्या पोरांसारखे ते पाठ करून उभे होते.

"नाही म्हणायचं," खुर्ची पुसता पुसता वहिनी हळूच म्हणाली. धाकटी तिला वहिनी म्हणे, म्हणून दुकानातले कामगारही वहिनीच म्हणत. थोरला तिचा नवरा, पण त्याच्याही तोंडी कधी कधी वहिनीच यायचं. "दोन अक्षरं आहेत. ना आणि ही. तेवढं जमवा."

"अगं, अजून बघितलाय कुठे?"

"त्यात काचेचा दिवस आहे, असं तीच म्हणाली ना फोनवर? मग काय बघायचं राहिलं? उद्या तो सिनेमा महोत्सवाला पाठवणार, तिकडे चारशे माणसांच्या हॉलमध्ये लावणार, आणि त्यात तुम्ही. काचेच्या धंद्यातला माणूस, आणि हातातून काच सुटली म्हणून पडद्यावर."

थोरल्याने चौथी खुर्ची सरळ केली. वहिनी जे म्हणत होती त्यात खोटं काही नव्हतं.

धाकटीचा एक नियम होता. आपल्या सिनेमात ती दुसऱ्या कोणाला घेत नसे. कॅमेरा स्टँडवर लावायचा, समोर स्वतः बसायचं, कॅमेऱ्यामागे कोणी नाही. बाकीच्यांचं बोलणंही तीच बोलायची, स्वतःच्या तोंडाने, स्वतःच्या आवाजात. पण ज्याचं बोलणं घेतलं त्याला आधी दाखवायचं, आणि त्याने नाही म्हटलं की तो भाग गेला. पंधरा वर्षांत तिने हा नियम मोडला नव्हता. या खेपेला थोरल्याचा भाग गेला तर सिनेमाच उरत नव्हता, कारण सिनेमा तिच्या उजव्या हातावर होता. त्या हाताची शेवटची दोन बोटं मिटत नसत. एकतीस वर्षांपूर्वी, ती आठ वर्षांची असताना, याच खोलीत थोरल्याच्या हातातला आरसा तिच्यावर आला होता. तेव्हा थोरला सतरा वर्षांचा होता.

आबा आले, आत्या आली. आबा अठ्ठ्याहत्तरचे, आत्या त्यांच्याहून दोन वर्षांनी मोठी. नवरा गेल्यावर ती भावाकडे आली ती कायमची, आणि चाळीस वर्षं तिने ते चाक चालवलं. अजूनही बसताना तिचं तोंड आपोआप चाकाकडे होई.

"किती वेळाचा आहे ग?" आत्याने विचारलं. "मागच्या वेळी चाळीस मिनिटं केस विंचरलेस, आणि शेवटी गुंता तसाच."

"तो गुंताच दाखवायचा होता, आत्या."

"मग फोटो काढायचास. चाळीस मिनिटं वाचली असती."

आबा हसले. धाकटीही हसली. थोरला चहाचा पेला आबांच्या हातात द्यायला वाकला, तसे आबा सवयीने म्हणाले, "दोन्ही हातांनी धर रे."

घरातला हा जुना विनोद. थोरल्याने कोणाला काहीही दिलं, पेला, पिशवी, वर्तमानपत्र, की कोणीतरी हे म्हणायचंच. म्हणणाऱ्याच्या मनात काही नसे. तीस वर्षं वापरलेलं वाक्य, त्याच्या सगळ्या कडा घासून गुळगुळीत झालेल्या. थोरल्याने पेला दोन्ही हातांनी धरला.

सिनेमा सुरू झाला. पांढऱ्या भिंतीवर धाकटीचं तोंड आलं, हातभर मोठं. मग तिचा हात. मग एक लाकडी खुर्ची. आबांचं बोलायची तेव्हा खुर्ची भिंतीला टेकलेली असे, आत्याचं बोलायची तेव्हा तिरकी. थोरल्याचं बोलायची तेव्हा ती बसायचीच नाही, खुर्चीमागे उभी राही. वर्षभर ती सगळ्यांना फोन करून त्या दिवसाबद्दल विचारत होती, आणि जे जे सांगितलं ते जसंच्या तसं यात होतं. आत्याचं "चाकाचा आवाज असा की शेजारी बंदूक उडाली तरी कळायचं नाही," आबांचं "मी मागच्या टोकाला, मला पुढचं काय दिसणार." थोरल्याचं एकच वाक्य होतं. "झालं ते झालं. सोड आता." ते ती सात वेळा म्हणाली.

"सात वेळा?" वहिनी पुटपुटली.

"सात फोन केले होते," धाकटी मागून म्हणाली. "सातही वेळा तेच म्हणाला."

मग तो दिवस आला. पडद्यावर धाकटीने एक मोठा पुठ्ठा उचलला, दोन्ही हातांनी, छातीसमोर, आणि कॅमेऱ्याकडे चालत आली. तिचाच आवाज सांगत होता. "भाऊ पुढे होता, वडील मागे. पुरुषभर उंचीचा आरसा होता. भावाच्या डाव्या हाताला चाक होतं, चाकाशी पाण्याची बादली. उजवीकडे जागा मोकळी होती. तरी तो डावीकडे वळला. का वळला, ते त्याने कधी सांगितलं नाही. मी बादलीपाशी वाकले होते. का वाकले होते, ते मला आठवत नाही. त्याचा पाय बादलीला लागला. त्याने काच सोडली."

पडद्यावर पुठ्ठा पडला. त्याचा आवाज ठेवला नव्हता. नंतर बराच वेळ नुसती ती दोन बोटं दिसत राहिली, बटण लावायचा प्रयत्न करताना. बटण लागलं नाही. सिनेमा संपला.

थोरल्याच्या कानात एकच वाक्य राहिलं. "त्याने काच सोडली." धंद्यात याच्याहून वाईट वाक्य नाही. आणि ते खरंही नव्हतं. तो डावीकडे का वळला हे त्याला त्या दिवसापासून पक्कं ठाऊक होतं. तो वळला, कारण समोरून धाकटी ओरडली होती. आबांना मागे ऐकू गेलं नाही, आत्याला चाकाच्या आवाजात ऐकू गेलं नाही. ऐकलं ते एकट्या थोरल्याने. एकतीस वर्षांत त्याने ते कोणालाही सांगितलं नव्हतं, वहिनीलासुद्धा नाही. आणि आता सिनेमाला हो म्हटलं तर चारशे माणसांसमोर तो निष्काळजी ठरत होता, आणि का वळलो ते सांगितलं तर त्या दोन बोटांचं खापर तिच्याच डोक्यावर फुटत होतं.

तिसरी वाट होती ती वहिनीची. नाही म्हणायचं, आणि घरी जायचं.

"बोला," धाकटी म्हणाली. तिने दिवा लावला.

"मला चांगला वाटला," आत्या म्हणाली. "मी म्हातारी दिसले नाही."

"तू त्यात नाहीसच," आबा म्हणाले.

"तेच म्हणते."

"आबा, तुमचं?"

आबांनी चष्मा काढून पुसला. "खरं ते खरं. झालंय तसं दाखवलंयस. कोणाला वाईट वाटून काय उपयोग? माझी काही ना नाही."

"तुमची ना का असेल?" वहिनीचा आवाज चढला. "तुम्ही मागच्या टोकाला होतात. तुमचं नाव कुठे येतंय? यांचं येतंय. वन्सं, एक विचारू? सिनेमा तुझा, हात तुझा, तोंड तुझं. मग मध्येच यांना कशाला ओढलंस?"

वहिनी रागावली की धाकटीला वन्सं म्हणे. एरवी नुसतं ए.

"माझा हात असा का झाला, हे त्याच्याशिवाय सांगताच येत नाही, वहिनी."

"मग नको सांगूस! इतकी वर्षं केस विंचरलेस, झोपलेली दिसलीस, दात घासलेस, कोणी विचारलं का, का घासतेस म्हणून?"

"अगं, हळू," थोरला म्हणाला.

"हळू का? तुम्ही बोलत नाही म्हणून मला बोलावं लागतं. चार वर्षं यांना मोठ्या काचेला हात लावू दिला नाही आबांनी. गल्ल्यावर बसवलं. वीस वर्षांचा मुलगा, गिऱ्हाईक यायचं आणि विचारायचं, कारागीर कुठेय? हे सिनेमात का नाही घेतलंस?"

"त्याने सांगितलंच नाही," धाकटी म्हणाली. "मी सात वेळा विचारलं."

आबा पुन्हा चष्मा पुसू लागले. गल्ल्याचा विषय घरात निघत नसे. आत्या वहिनीची बाजू घेऊन भावाला म्हणाली, "ती म्हणतेय त्यात चूक काय आहे रे? पोराला कोपऱ्यात बसवलंस ते बसवलंसच." मघाशी दोघं भावंडं एका बाजूला होती, ती आता राहिली नाहीत.

"मी बसवलं कारण तो वळला," आबा म्हणाले. "वाट मोकळी सोडून वळला. विचारलं तर तोंड उघडेना. ध्यान नसलेल्या माणसाच्या हाती काच देत नाहीत."

"दादा," धाकटी म्हणाली. ती त्याच्यासमोर येऊन टेबलाला टेकली. "मला बाकीच्यांचं नको. तू सांग. हो की नाही? नाही म्हणालास तर मी आत्ता तुझ्यासमोर तो भाग काढते. उद्या काही पाठवत नाही. रागवणार नाही."

सगळे त्याच्याकडे बघत होते. वहिनीचे ओठ तर हललेही, ना आणि ही. आणि थोरल्याच्या तोंडून भलतंच निघालं.

"तू काच चुकीची धरतेस."

"काय?"

"पुठ्ठा धरलायस ना, छातीसमोर, ताटासारखा. तसं कोणी आरसा नेत नाही. मनगटं जातील. आणि समोर धरला तर चालणार कसा? काही दिसणार नाही."

वहिनीने कपाळाला हात लावला. आत्या खुदकन हसली. पण थोरल्याला ते मघापासून खुपत होतं. बाकी सगळं तो गिळत होता, ते मात्र गिळवेना. तो उठला. भिंतीशी बांधाबांधीचे पुठ्ठे उभे होते, त्यातला पुरुषभर उंचीचा एक त्याने उचलला.

"हे बघ. काच अंगाच्या बाजूला. डावा हात खाली, कडेखाली चामडं, उजवा हात वर, पुढच्या कडेला. काच डाव्या अंगाला टेकलेली. भार खालच्या हातावर, वरचा नुसता सांभाळतो. असं." त्याने चार पावलं टाकली. "आणि काच गेली असं वाटलं तरी खालचा हात काढायचा नाही. मी काढला नव्हता."

हे बोलून गेल्यावर त्याला कळलं की आपण बोलून गेलो.

"काढला नव्हतास?" धाकटीने विचारलं.

"नाही," आबाच म्हणाले, जरा नाइलाजाने. "ते खरंय. त्याच्या दंडाला सहा टाके पडले होते. काढला असता तर पडले नसते."

थोरल्याच्या दंडावरची रेघ सगळ्यांनी पाहिलेली होती, पण ती कशी आली याचा विचार कोणी केला नव्हता. मोठी जखम दुसरीकडे होती, तेव्हा या रेघेकडे कोण बघणार?

"म्हणजे 'सोडली' हे चूक," धाकटी स्वतःशीच म्हणाली. ती आता बहिणीसारखी नाही, कामावर असल्यासारखी बोलत होती. "थांब. तसाच उभा राहा. आरसा तुझ्या डावीकडे होता. आरशातून तर पलीकडचं दिसत नाही. म्हणजे बादली तुला दिसतच नव्हती."

"नव्हती."

"आणि उजवीकडचं दिसत होतं."

"दिसत होतं."

"मग दिसणारी मोकळी जागा सोडून तू न दिसणाऱ्या बाजूला वळलास? माणूस असा वळेल का?"

"झालं ते झालं. सोड आता."

"आठवा फोन," आत्या म्हणाली. पण या वेळी कोणी हसलं नाही.

धाकटीने आजूबाजूला बघितलं. चाकाशी आजही बादली होती, निळी, अर्धी भरलेली. तिने ती पायाने दोन हात पुढे सरकवली. "इथे होती ना, आत्या?"

"थोडी अजून पुढे," आत्या म्हणाली. तिचा आवाज एकदम बारीक झाला होता. "वाटेत. माझीच चूक होती ती. बादली कोणी ठेवली, असं मला कोणी विचारलंच नाही. मग मीही बोलले नाही."

"दादा, तू दारापासून चाल. मी घोडीपाशी उभी राहते. मी तिथेच होते. मला फक्त बघायचंय की मला काय दिसत होतं."

"कॅमेरा लावतेस का?" वहिनीने तिखटपणे विचारलं.

"पिशवीत आहे."

थोरल्याला पुठ्ठा खाली ठेवता आला असता. पाठ दुखते म्हणता आलं असतं. पण तिला नाही म्हणायची त्याला कधी सवयच लागली नव्हती. त्या दिवसानंतर तिने मागितलं आणि त्याने दिलं नाही असं झालं नव्हतं. तो दारापर्यंत गेला, वळला, पुठ्ठा डाव्या अंगाला घेतला आणि चालू लागला. जुन्या कारागिराची चाल, गुडघे जरा मऊ, नजर समोर.

आता इथे एक गोष्ट सांगायला हवी. या घरात डावं-उजवं इतर घरांसारखं नव्हतं. आरसा बसवताना एक जण आरसा धरून उभा असतो आणि दुसरा समोरून सांगत असतो. दोघांची तोंडं एकमेकांकडे, म्हणजे एकाचं डावं ते दुसऱ्याचं उजवं. यात घोळ नको म्हणून आबांच्या वडिलांपासून दुकानात एक रीत होती. डावं ते काच धरणाऱ्याचं. सांगणाऱ्याने मनात उलटवून सांगायचं, धरणाऱ्याने विचार न करता ऐकायचं, कारण ज्याच्या हातात काच आहे त्याला विचार करायला वेळ नसतो. वहिनी लग्न होऊन आली तेव्हा कपाटाचा आरसा बसवताना समोरून "जरा डावीकडे" म्हणाली. थोरला स्वतःच्या डावीकडे सरकला. "अहो, डावीकडे!" तो आणखी सरकला. शेवटी तो भिंतीला जाऊन टेकला, तेव्हा आत्याने तिला रीत समजावली. एक महिना ती आत्याला मीठसुद्धा चुकीच्या बाजूने देत होती.

घरातल्या प्रत्येकाला ही रीत कधी ना कधी शिकावी लागे. आठव्या वर्षी कोणाला ती येत नसे.

थोरला चालत आला. धाकटी घोडीपाशी उभी राहून बघत होती. तिला पुठ्ठा दिसत होता, त्याच्या मागून येणारा भाऊ दिसत होता, आणि तिच्या उजव्या हाताला, त्याच्या वाटेत, निळी बादली. दोन पावलं उरली. तिचा डावा हात आपोआप वर झाला, मोकळ्या बाजूकडे, आणि ती घाईने म्हणाली,

"डावीकडे!"

आणि थोरला वळला. त्याने ठरवून काही केलं नाही. ठरवलं असतं तर तो वळलाच नसता. पण हातात काच धरलेली, समोरून आवाज आला, आणि त्याचं अंग त्याच्या डावीकडे गेलं. बुटाचं टोक बादलीवर आदळलं. पाणी हिंदकळून फरशीवर आलं.

धाकटीचा डावा हात अजून वर होता. तिने त्याच्याकडे बघितलं. मग बादलीकडे, मग भावाकडे.

"मी ओरडले होते," ती म्हणाली.

"नाही," थोरला म्हणाला.

"मी ओरडले, आणि तू तुझ्या डावीकडे वळलास. मग मला कळलं की तू उलटा जातोयस, म्हणून मी बादली ओढायला धावले. म्हणून मी तिथे वाकले होते."

"तू लहान होतीस ग."

"ओरडले होते की नाही?"

थोरल्याने पुठ्ठा टेबलाला टेकवून ठेवला. खालचा हात आधी नाही, वरचा आधी काढला. "होतीस," तो म्हणाला.

वहिनीच्या हातातलं फडकं खाली पडलं. "मला सांगितलं नाहीत," ती म्हणाली. "बावीस वर्षं मी तुमच्या बाजूने भांडतेय आणि मला काय ते माहीतच नाही. मी कशावर भांडत होते?"

"अंदाजाने भांडत होतीस. बरोबर निघालं."

"विनोद करू नका."

आबा खुर्चीतून उठले. त्यांना उठायला वेळ लागला. ते बादलीपाशी आले, थोरला जिथे वळला तिथे उभे राहिले, स्वतःचा डावा खांदा त्यांनी जरा पुढे केला, जणू अंगावर काच आहे. मग घोडीकडे बघितलं. एकदा इकडून, एकदा तिकडून.

"काच धरणाऱ्याचं डावं," ते म्हणाले. "वळला तो बरोबर वळला."

"आबा, बसा तुम्ही."

"बरोबर वळला. मीही असाच वळलो असतो. आणि मी तुला चार वर्षं..."

"साडेचार," थोरला म्हणाला. त्याला हे म्हणायचं नव्हतं, पण आकडा त्याच्याकडे तयार होता.

"साडेचार," आबांनी मान्य केलं. "दवाखान्यात मी विचारलं तेव्हा तोंडात काय धरलं होतंस?"

"ती जागी होती. पलंगावर. हाताला एवढं मोठं बांधलेलं, आणि तुम्ही मला विचारत होतात तेव्हा ती माझ्याकडे बघत होती. तिच्यासमोर काय सांगणार?"

"आणि नंतर?"

"नंतर मग वेळ गेली. आज सांगू, उद्या सांगू. पुढे ती विसरलीय हे कळलं. मग सांगण्यात अर्थ नव्हता. दोन बोटं काय सरळ होणार होती का?"

आत्या पदराने डोळे पुसत होती. वहिनीने तिच्या पाठीवर हात ठेवला, पण रागाने थोरल्याकडेच बघत राहिली. त्याला वाटलं, आता धाकटी रडेल. तो तयार होता त्याला. लहानपणापासून ती रडली की काय करायचं हे त्याला येत होतं.

ती रडली नाही. ती भडकली.

"तू कोण ठरवणारा?"

"अगं..."

"एकतीस वर्षं माझं एक वाक्य तू तुझ्याकडे ठेवलंस! मी स्वतःवर सिनेमे करते, दादा. दुसरं काही येत नाही मला. रोज सकाळी उठून कॅमेऱ्यासमोर बसते आणि शोधते, ही बाई कोण आहे. पंधरा वर्षं! आणि ती काय बोलली होती ते तुझ्या खिशात. लोक मला म्हणतात, काय प्रामाणिक काम आहे तुझं. कसलं प्रामाणिक? मी तर अर्धीच दाखवत होते."

"तुला त्रास होईल म्हणून..."

"होऊ दे ना! माझा आहे तो. माझ्या हातामुळे तू गल्ल्यावर बसलास, माझ्यामुळे तुला पेला दोन्ही हातांनी धरायला लावतात, आणि मीही हसते त्याला. मीही म्हणते! परवाच म्हणाले. ते वाक्य माझं आहे. परत दे."

एखादी वस्तू असती तर थोरल्याने कपाटातून काढून दिली असती.

"कसं देऊ?"

"जसं म्हणाले होते तसं सांग. काय काय शब्द होते. किती वेळा."

हे त्याने कधी मोठ्याने म्हटलं नव्हतं. "दादा आधी म्हणालीस," तो म्हणाला. "दादा, डावीकडे. मग पुन्हा, डावीकडे, डावीकडे. तिसऱ्यांदा तू खूप मोठ्याने ओरडलीस, कारण मी तिकडे जात होतो आणि तुला वाटत होतं की मी ऐकत नाहीये."

"आणि तू ऐकत होतास."

"मग? तू जितकी ओरडत होतीस तितका मी वळत होतो."

धाकटी टेबलाला टेकून उभी राहिली. फरशीवरचं पाणी पसरत तिच्या चपलेपर्यंत आलं. वहिनीने फडकं उचललं आणि वाकून पुसायला लागली. आत्या म्हणाली, राहू दे ग, मी पुसते, बादली माझी. वहिनी म्हणाली, आता सगळ्यांनी एकदम चुका वाटून घेऊ नका, फरशी एकच आहे.

धाकटीने पिशवीतून वही काढली. डाव्या हातानेच ती लिहायची, आठव्या वर्षापासून. तिने एक पान उघडलं.

"उद्या पाठवत नाही," ती म्हणाली. "त्यांना कळवते, महिनाभर थांबा. तो भाग पुन्हा करते. पण आधी तुझं उत्तर पाहिजे. माझं ओरडणं त्यात येणार. तू गप्प राहिलास तेही येणार. हो की नाही?"

थोरल्याने वहिनीकडे बघितलं. ती फरशी पुसत होती, तिने वर मान केली नाही. "माझ्याकडे काय बघता?" ती म्हणाली. "मला कुठे काय माहीत असतं?" पण या खेपेला तिचे ओठ ना आणि ही म्हणत नव्हते.

"पुठ्ठा नीट धरणार असशील तर हो," तो म्हणाला.

"शिकव."

"शिकवतो. आणि ते एक वाक्य काढ. त्याने काच सोडली."

"काढलं." तिने वहीत रेघ मारली. "तिथे काय म्हणू? पाय बादलीला लागला, आणि मग?"

"मग नाही. आधी. पाय लागायच्या आधीचं वाक्य राहिलंय तुझं. मी का वळलो ते."

तिने रेघेच्या वर जागा शोधून पेन टेकवलं.

"लिही," थोरला म्हणाला. "त्याने माझं ऐकलं."